तमोराजाची पोथी

नरहरी राऊतनं ती कादंबरी लिहिली, ती दिनानाथ चुरीची मान भर गावात खाली जावी म्हणून. तिच्यात जीवनदर्शन आहे, माणसाच्या एकाकीपणाचं चिंतन आहे, असं मुंबईच्या लोकांनी पुढं सांगितलं तेव्हा नरहरीनं आपली मान डोलावली. खरं कारण त्याच्या पोटात होतं आणि चौदा वर्षं तिथंच कढत होतं.

बोईसरहून तारापूरला जाणाऱ्या रस्त्यापासून थोडं आत करंजवाडी नावाचं गाव. तिथं राऊत आणि चुरी या दोन घरांची एक सामाईक विहीर. विहिरीवर रहाट, रहाटाला रेडा, आणि पाण्याच्या पाळ्या आजोबांच्या वेळेपासून ठरलेल्या. एका कोरड्या साली विहिरीनं तळ दाखवायला सुरुवात केली. नरहरीचा बाप अंथरुणाला खिळलेला, म्हणून पाळीच्या दिवशी, गावच्या शाळेत मास्तर असलेला नरहरी शाळा सुटली की रहाटावर येऊन बसे, आणि बसला की पुस्तक उघडे. तेवढीच काय ती त्याची खोड. दिनानाथनं ती हेरली. वरच्या अंगाला, केळीच्या आड, त्यानं पाटाचा बांध फोडला आणि राऊतांच्या पाळीचं पाणी चुऱ्यांच्या केळी पिऊ लागल्या. खाली राऊतांच्या पानवेली करपून गेल्या.

नरहरीनं चारचौघांत विचारलं. दिनानाथनं डाव्या कानाची पाळी चोळली, ती त्याची सवयच, आणि म्हणाला, "न्यायाचं बोलू. हा पुस्तकात डोकं घालून बसतो. पाणी कुटं जातं ते रेड्याला ठाव, याला नाय. उंदरानं बीळ पाडलं असंल, त्याला मी काय करू?" लोक हसले. हसणारच, नरहरीची खोड सगळ्या गावाला पाठ होती. त्या पावसाळ्यात बाप गेला. पुढच्या साली दिनानाथ म्हणाला, वाडीच उरली नाय तर पाणी कशाला हवं, आणि उरलीसुरली पाळीही त्यानं गिळली.

आणि आई, रंभाबाई, नरहरीशी बोलायची थांबली. एका घरात, एका चुलीवर जेवून चौदा वर्षं. काही सांगायचंच झालं तर सुनेला सांगायची, "रखमा, त्याला म्हणावं भात निवतोय." तो समोरच बसलेला असायचा. लोकांसारखं आईलाही वाटतंय, की पुस्तकापायी पोरानं बापाची वाडी जाळली, हे नरहरीनं मनाशी धरलं होतं. दिनानाथच्या तोंडून एकदा, फक्त एकदा, खरं बाहेर पडावं आणि ते आईनं ऐकावं. दुसरं काही त्याला नको होतं.

म्हणून त्यानं नऊ वर्षं लिहून तमोराजा निर्माण केला. तमोराजा हा काळोखाच्या देशाचा धनी. सात गावांची नदी त्यानं एका घोटात पोटात घेतलेली. जो कुणी पाणी मागायला येई त्याला राजा मारत नसे, डांबत नसे. कानाची पाळी चोळत म्हणे, "न्यायाचं बोलू," आणि असं काही बोले, की ही तहान आपल्याच पापाची असं मानून तो माणूस परत जाई आणि वाटेत मरे. एकामागून एक माणसं येत, आणि प्रत्येकाला राजा वेगळ्या तऱ्हेनं पटवी. शेवटी मागायलाही कुणी उरत नाही. ओसाड देशात, पोटात नदी घेऊन, राजा एकटा बसून राहतो आणि त्याला मरणही येत नाही. यापेक्षा भयंकर शिक्षा नरहरीला सुचली नव्हती.

कादंबरी छापून आली आणि तिच्यावरून चांगलीच जुंपली. मुंबईच्या एका साप्ताहिकानं लिहिलं, की असा काळोख मराठीत आजवर कुणी पाहिला नव्हता. दुसऱ्यानं लिहिलं, की पाचशे पानं वाचून वाचकाला फक्त तहान लागते. पालघरच्या वाचनालयात तिच्यासाठी लोक नंबर लावू लागले, आणि निम्मे लोक ती अर्धवट परत करू लागले. एक वकील रोज एक प्रकरण वाचून देवापुढं दिवा लावत. एका बाईंनी बाळंतीण सुनेच्या खोलीतून ती उचलून माळ्यावर टाकली. वाचनालयाच्या प्रतीच्या समासात कुणीतरी पेन्सिलीनं लिहिलं, "लेखकास कावीळ झाली आहे", आणि त्याखाली दुसऱ्या अक्षरात उत्तर आलं, "कावीळ तुला. पुन्हा वाच." वाईटाचा शेवट वाईट का नाही, यावर दोन निवृत्त मास्तर स्टेशनवर भांडले आणि त्या नादात दोघांचीही गाडी चुकली.

नरहरी हे सगळं ऐकून घेई आणि घरी येऊन जळफळे. कारण पालघरात दिनानाथ चुरीला कोण ओळखत होतं? आणि करंजवाडीत, जिथं शेंबड्या पोरानंसुद्धा ती कानाची पाळी ओळखली असती, तिथं कादंबरी वाचणारं एकही माणूस नव्हतं. बाण सुटला होता खरा, पण सगळं जग हिंडून आला आणि ज्याच्यासाठी सोडला त्याच्या अंगणाकडं फिरकलासुद्धा नाही.

मग त्याला मार्गशीर्ष आठवला.

करंजवाडीत पोथी लागते ती मार्गशीर्षात. श्रावणात देवळाची कौलं गळतात, म्हणून ही पूर्वापार सोय. मारुतीच्या देवळात दिवेलागणीला वाचणारा बसतो, समोर पाटावर यजमान. यजमानपद घरोघरी फिरतं. नेम कडक: एकदा ग्रंथाला कुंकू लागलं की तो शेवटपर्यंत वाचलाच पाहिजे, अर्धवट राहिला तर गावाला दोष लागतो. वाचन चालू असताना यजमानानं पाटावरून उठायचं नाही. आणि समाप्तीला वाचणाऱ्याच्या घरानं मागितलेली दक्षिणा यजमानानं द्यायची, नाही म्हणायचं नाही. मागतात ती धोतरजोडी आणि नारळ. त्याहून जास्त कुणी कधी मागितलेलं नव्हतं. मास्तर म्हणून वाचणारा दरसाल नरहरीच. आणि सदुसष्टच्या मार्गशीर्षात यजमानपद दिनानाथ चुरीकडं आलं.

नरहरीनं आपली कादंबरी लाल फडक्यात बांधली आणि चौरंगावर ठेवली. "यंदा नवीन पोथी," एवढंच म्हणाला. लाल फडक्यात असते ती पोथी, त्यात विचारायचं काय. दिनानाथनं स्वतःच्या हातानं तिला हळदकुंकू वाहिलं, फूल ठेवलं, दोन्ही हात जोडले आणि पाटावर मांडी घातली. नरहरीला हसू आवरेना. त्यानं खोकल्याचं निमित्त केलं.

श्रोते दरसालपेक्षा जास्त होते. समुद्राकाठी अणुभट्टीचं बांधकाम चालू होतं, त्यापायी घाटावरची कितीतरी माणसं गावात खोल्या घेऊन राहिली होती. त्या खोल्या दिनानाथच्याच. पैशाचा वास त्याला लांबून येई. भाडेकऱ्यांत आनंदा नावाचा बीडकडचा सळई बांधणारा आणि त्याची बायको सोजराबाई. दोघंही पुढं येऊन बसत. गावातल्या म्हाताऱ्यांत नवसी, जिचं पोथीवाचून एक साल सुनं गेलं नव्हतं. रंभाबाई मात्र देवळात येत नसे. तिचं घर देवळाला लागून, ती आपल्या पडवीत वाती वळत बसे. ऐकू सगळं जाई.

दुसऱ्याच संध्याकाळी तमोराजानं कानाची पाळी चोळली.

मागून कुणीतरी फिस्स केलं. दिनानाथचा हात त्याच वेळी आपल्या कानाकडं निघालेला. तो अर्ध्यात थांबला आणि मांडीवर येऊन पडला. नरहरीनं आवाज चढवला. "न्यायाचं बोलू, राजा म्हणाला." पुन्हा फिस्स. दिनानाथच्या तोंडचं पाणी पळालं. उठायची सोय नव्हती. त्या संध्याकाळी नरहरी दोन भाकऱ्या जास्त जेवला, आणि रखमा त्याच्याकडं बघत राहिली.

असे काही दिवस गेले, आणि ते नरहरीच्या आयुष्यातले सगळ्यांत गोड दिवस होते, हे कबूल केलं पाहिजे. दिवेलागणीची तो वाट बघे. वर्गात पाढे घेताना मनात संध्याकाळचं प्रकरण घोळवी. कुठल्या वाक्यावर दिनानाथ पापण्या मिटतो, कुठल्या वाक्यावर आवंढा गिळतो, सगळं त्यानं टिपून ठेवलं होतं आणि तिथं तिथं तो जरा थांबून वाची. सुई टोचून हातानं फिरवावी, तसं.

पण देवळातली माणसं म्हणजे पालघरचं वाचनालय नव्हे. इथं पुस्तक आवडलं का, असला प्रश्नच नव्हता. इथला प्रश्न एकच, या पोथीतला देव कोणता?

"यात देवच नाय," नवसी कुरकुरली. "नुसतं मरण नि तहान. मास्तर, पुढं येणार ना कोण अवतार घेऊन?"

"या राजाला कुणी मारत कामून न्हाई?" आनंदानं विचारलं. "एवढी मानसं आली, येकाच्या बी हाती काठी न्हाई?" नरहरीला तो प्रश्न आवडला नाही. तत्त्वाचा मुद्दा आहे, पुढं कळेल, असं काहीसं तो पुटपुटला.

कोडं सोडवलं सोजराबाईनं. पाणी मागायला आलेली विधवा राजाच्या पाया पडून परत जाते, ते प्रकरण संपलं, आणि सोजराबाई पदर सावरत म्हणाली, "अगं माय, हा तर शनिदेवावानी हाय. तो काय कुनाचं भलं करतो व्हय? पर त्याला तेल वाहावं लागतं. ज्याचा कोप वाईट, त्याचीच पूजा आधी." आणि दुसऱ्या दिवशी ती वाटीभर तेल घेऊन आली.

नवसीला हे पटलं. देव सापडला, ती निवांत झाली. तिसऱ्या दिवशी चौरंगापुढं नारळ आले, काळे उडीद आले, रुईच्या पानांची माळ आली. आणि तमोराजा कानाची पाळी चोळू लागला की आता कुणी हसेना. लोक हळूच दिनानाथकडं बघत आणि हात जोडत. देव असा गावातच, समोर पाटावर, ओळखीच्या खुणांसकट बसलेला. कुणाच्या घरी आजारपण निघालं तर जाताना दिनानाथला वाकून जाऊ लागले. खोलीचं भाडं वेळेवर येऊ लागलं. करायला गेला गणपती आणि झाला मारुती, तशातली गत. नरहरीनं शेंदूर फासला तो थोबाड काळं करायला, आणि लोकांनी त्या दगडाचा देव केला.

दिनानाथही बदलला. पहिल्या दिवसांत गोगलगायीसारखा अंग चोरून बसणारा, आता ताठ बसू लागला. न्यायाचं बोलू आलं की डोळे मिटून डोलू लागला. एका सकाळी तो शाळेच्या वाटेवर नरहरीला आडवा आला.

"मास्तर, खरं सांगू?" तो म्हणाला. "पहिल्या दिवशी वाटलं, तुमचा गळा धरावा. आता वाटतं, माझ्या बापानंबी मला एवढं मोठं केलं नाय." आणि त्यानं नरहरीला खाली वाकून नमस्कार केला. थट्टेनं केला असता तर बरं झालं असतं. पण तो मनापासून होता, आणि त्या नमस्काराची आग दिवसभर नरहरीच्या अंगात राहिली. त्याला वाटलं, हा माणूस पाणी प्याला तसं माझं पुस्तकही प्याला.

समाप्तीच्या संध्याकाळी देऊळ गच्च भरलं. समाप्तीचा प्रसाद घ्यायला घरटी थोरल्या बाईला यावंच लागतं, म्हणून रंभाबाई आली आणि दाराशी खांबाला टेकून बसली. नरहरीनं तिला पाहिलं. आज काय ते करायचं, असं त्यानं ठरवलं.

त्यानं शेवटचं प्रकरण वाचलं. ओसाड देश, एकटा राजा, पोटात नदी, आणि मरण येत नाही. नऊ वर्षं लिहिलेलं त्याचं सगळं विष त्या पानात उतरलं होतं. ग्रंथ मिटला.

"अमर झाला," सोजराबाई म्हणाली, आणि तिनं कपाळ जमिनीला टेकलं. तिच्यामागं सगळं देऊळ वाकलं.

नरहरीचा संयम सुटला. पोथी वाचणाऱ्यानं यजमानाला असं विचारू नये, पण त्यानं विचारलं. "दिनानाथ, या देवासमोर सांग. त्या साली आमच्या पाटाचा बांध कुणी फोडला?"

चौदा वर्षं हा प्रश्न त्यानं मनात घोटला होता. दिनानाथ कावराबावरा होईल, नाकारेल, शपथा घेईल, मग अडकेल, असं किती तऱ्हांनी त्यानं ते रंगवलं होतं. दिनानाथनं शांतपणे कानाची पाळी चोळली.

"न्यायाचं बोलू," तो म्हणाला. "मी फोडला. या हातानं. पानवेली जळाल्या त्या मीच जाळल्या. तमोराजानं सात गावं जाळली, मी एक वाडी."

झालं. हवं होतं ते उत्तर मिळालं, सगळ्या गावादेखत, आईदेखत. आणि नवसीनं हात जोडले. मागं कुणीतरी म्हणालं, "देवाचं चरित्र, आपल्याला काय कळतंय." कुणाच्याही तोंडावर राग नव्हता. नरहरीला बसल्या जागी रडू आलं, रागाचं, लाजेचं. चोराला चौकात आणावं आणि लोकांनी त्याची आरती करावी, तसं हे झालं. पाचशे पानं लिहून त्यानं दिनानाथला पापातून सोडवलं होतं.

दिनानाथ आता पुरता चढला होता. त्यानं दोन्ही हात पसरले. "मास्तर, दक्षिणा मागा. आज धोतरजोडीवर भागणार नाय. राजा द्यायला बसला हाय, काय वाट्टेल ते मागा."

तेवढ्यात दाराशी रंभाबाई उठली.

"तो मागायचा नाय," ती म्हणाली. "वाचणाऱ्याच्या घरानं मागायची असते. मी मागते."

लोकांनी वाट करून दिली. ती पाटापाशी आली आणि उभ्यानंच बोलली. "आमची पाण्याची पाळी परत दे. आणि चौदा वर्षं आमचं पाणी तू प्यालास, तर चौदा वर्षं ते आमच्या वाडीत तू लावायचं. रेडा तू हाकायचा, फावडं तू धरायचं, वाफे तू भरायचे. गडी पाठवायचा नाय, पोरगा पाठवायचा नाय. पाळीच्या दिवशी तू."

दिनानाथचे पसरलेले हात तसेच राहिले. "काकी," तो हसल्यासारखं करून म्हणाला, "असं कसं. साठी जवळ आली माझी. न्यायाचं बोलू..."

"न्यायाचं मी बोलले," रंभाबाई म्हणाली. "तू व्हय म्हण नायतर नाय म्हण."

दिनानाथनं लोकांकडं पाहिलं. नाही म्हणणं किती सोपं होतं, महिन्यापूर्वी. तेव्हा तो नुसता दिनानाथ चुरी होता आणि दिलेला शब्द फिरवण्यात त्याचा हात धरणारं गावात कुणी नव्हतं. पण आता समोर ज्यांनी तेल वाहिलं होतं ती माणसं बसली होती, हात जोडून, तोंडाकडं बघत.

"देवाचा सबूद हाय," सोजराबाई बाजूच्या बाईला समजावून सांगत होती, "खाली पडायचा न्हाई. त्याचा कोप जसा खरा, तसा सबूद बी खरा." आनंदानं मान हलवली. तो सोजराबाईएवढा भाविक नव्हता. दिनानाथकडं रोखून बघत तो म्हणाला, "पडला तर मंग देव नव्हंच त्यो. मंग त्याला काठी चालती."

दिनानाथ "हो" म्हणाला. आवाज इतका बारीक निघाला, की नवसीनं पुन्हा विचारलं आणि त्याला पुन्हा म्हणावं लागलं.

पाळीच्या पहिल्या सकाळी करंजवाडीतली निम्मी माणसं बांधावर जमली होती. दिनानाथ धोतर खोचून रेड्यामागं फिरत होता. मग फावडं घेऊन खाली उतरला आणि चिखलात उभा राहून वाफ्यात पाणी वळवू लागला. राऊतांच्या वाडीत चौदा वर्षं नुसतं रान माजलेलं. रखमानं तेवढ्यापुरते चार वाफे ओढून माकुणसारहून, माहेराहून, पानवेलीचं बेणं आणून लावलं होतं. दिनानाथची कंबर धरली की तो गुडघ्यावर हात टेकून वाके, आणि वाकला की बांधावरून हळूच खोकले ऐकू येत. दुपारपर्यंत त्याला कुणी हात जोडेना. चिखलात पाय रुतलेल्या माणसाला देव कोण म्हणतो.

रंभाबाई वाफ्याच्या कडेला बसून होती. तिच्या तोंडावर असं समाधान नरहरीनं बाप गेल्यापासून पाहिलं नव्हतं. तो तिच्याजवळ जाऊन उभा राहिला. मन भरून आलं होतं. आईनं ऐकलं, आईला कळलं, आता ती बोलेल.

"आई," तो म्हणाला, "आता तरी खरं कळलं ना तुला? मी पुस्तकात डोकं घातलं म्हणून पाणी गेलं नव्हतं."

रंभाबाईनं मान वर केली आणि चौदा वर्षांत पहिल्यांदा सरळ त्याच्याशी बोलली.

"मला तवाच ठाव होतं," ती म्हणाली. "दुसऱ्या सकाळी मी स्वतः वर जाऊन बगितलं. फावड्याचे घाव होते बांधावर. उंदीर फावडं घेऊन येत नाय."

नरहरीनं विचारलं, "मग माझ्याशी का बोलली नाहीस?"

"वाट बगत होते," ती म्हणाली. "चार माणसं हसली, नि तू घरात येऊन दौत उघडलीस. बाप आत तळमळत होता. मी म्हटलं आज जाईल, उद्या जाईल, फावडं घेईल, बांध घालील, मार खाईल, मार देईल. तू लिवत होतास. बाप गेला तरी लिवत होतास. पाणी दिनानं नेलं, त्याचा राग मी त्याच्यावर धरला. तू गेला नाहीस, त्याचा तुझ्यावर."

"पण हे आज झालं ते त्या पुस्तकामुळंच झालं ना," नरहरी म्हणाला. आवाज शाळेतल्या पोरासारखा निघाला.

रंभाबाईनं त्याच्याकडं नीट बघून घेतलं. उत्तर द्यावं की नाही, याचा ती विचार करत असावी. मग तिनं तोंड वाफ्याकडं वळवलं.

"दिना," ती म्हणाली, "त्या कोपऱ्यात पाणी पोचलं नाय. तिकडं ओढ."

दिनानाथ फावडं उचलून तिकडं गेला. नरहरी तसाच उभा राहिला, आणि आईनं आता आपल्याला काही सांगावं, निदान शाळेत जा असं तरी म्हणावं, याची वाट बघू लागला.